पापण्यांची कातडी खाजते, सोलते. लातूरच्या उन्हामुळे असेल का? काय लावू?

नुसत्या उन्हाने सहसा असं होत नाही. कोंडा पापणीच्या केसांच्या मुळाशी असेल तर बहुधा ब्लेफरायटिस (पापणीच्या कडेचा दाह), वरची कातडी लाल होऊन सोलत असेल तर बहुधा ॲलर्जी. सोयाबीनच्या मळणीची धूळ दोन्ही वाढवू शकते. ब्लेफरायटिसला कोमट पाण्यात पिळलेला स्वच्छ कपडा मिटल्या डोळ्यांवर ५ ते १० मिनिटं, दिवसातून दोनदा. पापणीच्या कडेच्या ग्रंथींतलं घट्ट तेल सुटतं, मग ओल्या कापसाने कड हलकेच पुसा. ॲलर्जीत काजळ, हेअर डाय आणि नेलपॉलिशही बंद (डोळे चोळताना नखांवरचा रंग पापणीला लागतो), वरून साधं व्हॅसलीन. मेडिकलवरून खाजेची ट्यूब मात्र कृपा करून आणू नका: अनेकींत स्टेरॉइड असतं, पापणीची कातडी अतिशय पातळ असल्याने ते आत शोषलं जाऊन डोळ्यातला दाब वाढू शकतो. डोळा दुखला किंवा अंधुक दिसलं तर त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञांकडे जा.