वाचकांचे प्रश्न : ‘गरीबस्ले कसाले मारं?’

मागच्या अंकात फ्रेंच राज्यक्रांतीतल्या बॅस्टिल या तुरुंग-किल्ल्यावर टिपण लिहिताना मी म्हटलं होतं, की १४ जुलै १७८९ ला पॅरिसच्या लोकांनी तो किल्ला घेतला तेव्हा आत अवघे सात कैदी होते. त्या एका वाक्याने बरीच पत्रं ओढून आणली. काहींच्या मते मी क्रांतीची टर उडवतोय, काहींच्या मते मी तिचं वकीलपत्र घेतलंय. अमळनेरच्या वर्गात तीस-पस्तीस मुलांसमोरही हेच व्हायचं, त्यामुळे नवल वाटलं नाही. जी पत्रं एकमेकांना धरून आहेत, ती आज घेतो.

भुसावळहून एक निवृत्त रेल्वे गार्ड लिहितात : एका पुस्तकात ही भांडवलदार वर्गाची क्रांती. दुसऱ्यात म्हणे भांडवलदार तिथे नव्हतेच. तिसऱ्यात सगळा भाषणांचा प्रताप. लिहिणारे तिघेही नामांकित प्राध्यापक. खरं कोणाचं मानायचं?

भाऊ, इतिहासाचं पुस्तक हातात आलं की मी आधी बघतो, या माणसाने दप्तर कोणतं उघडलं. धुळ्याला राजवाडे संशोधन मंडळात बसून ज्याने जुने कागद चाळलेत त्याला हे लगेच पटेल. वतनाच्या तंट्याचे कागद वाचणाऱ्याला गाव म्हणजे भांडण वाटतं, देवस्थानाचे हिशेब वाचणाऱ्याला उत्सव. दोघांनीही खोटं काही वाचलेलं नसतं.

फ्रेंच इतिहासकार जॉर्ज लफेव्र यांनी उघडलं ते खेड्याचं दप्तर. उत्तर फ्रान्समधले कर, जमिनीची मालकी, खंड, गावाच्या सामाईक जमिनी. हा माणूस वर्षानुवर्षं शाळामास्तर होता, प्रबंध १९२४ मध्ये आला तेव्हा वय पन्नास. (आपल्याकडच्या उशिरा पीएचडी करणाऱ्या मास्तरांनी खचू नये.) त्यांना दिसलं की शेतकरी काही शहरी वकिलांच्या मागे फरफटत गेलेला नाही. त्याचा उठाव त्याचा स्वतःचा होता, आणि तो जमीनदाराइतकाच नव्या भांडवली शेतीच्याही विरोधात होता. अल्बेर सोबूल यांनी १९५८ मध्ये पॅरिसच्या ४८ विभागांच्या सभांचे कागद उपसले. रस्त्यावरचे क्रांतिकारक ‘सां-क्युलोत’ त्यांत कोण निघाले? दुकानदार, कारागीर आणि त्यांच्याच हाताखालचे मजूर, एका छपराखाली राबणारे. दोघांची चौकट ढोबळ मानाने मार्क्सवादी. सरंजामशाही पडली, भांडवलदार वर्ग वर आला, असा तिचा सांगावा.

१९५४ मध्ये लंडनच्या एका व्याख्यानात आल्फ्रेड कॉबन यांनी या चौकटीलाच हात घातला. त्यांनी पाहिली १७८९ च्या सभेवर निवडून आलेल्या प्रतिनिधींची यादी. तिसऱ्या वर्गाचे, म्हणजे धर्मगुरू आणि सरदार सोडून बाकी सगळ्या जनतेचे, हे प्रतिनिधी म्हणजे वकील, न्यायाधीश, राजाकडून हुद्दे विकत घेतलेले अंमलदार. कारखानदार आणि व्यापारी अगदी थोडे. तिकडे सरदारांच्या मालकीच्या खाणी आणि लोखंडाच्या भट्ट्या, इकडे व्यापारी पैसा साठला की जमीन घेणार आणि सरदारकी मिळवून देणारा हुद्दा घेणार. मग कोणता वर्ग कोणाविरुद्ध उठला? प्रश्न बिनतोड होता. अजूनही आहे.

फ्रांस्वा फ्यूरे तरुणपणी कम्युनिस्ट पक्षात होते, नंतर बाहेर पडले. १९७८ च्या पुस्तकात त्यांनी वर्गाचा हिशेबच बाजूला ठेवला आणि क्रांतीतली भाषा वाचली. राजाची गादी मोकळी पडली, आणि ‘जनतेच्या वतीने’ जो ठासून बोलेल त्याच्या ताब्यात ती गेली. अशा राजकारणात कोणी विरोधक उरत नाही, प्रत्येक जण कारस्थानी ठरतो. १७९३ चा रक्तपात १७८९ च्या भाषेतच दडलेला होता, इथवर ते जातात.

इथे मी थांबतो. राजकारणाला राजकारण म्हणून वाचायला फ्यूरे यांनी पुन्हा शिकवलं, हे उपकारच. पण पावाचा भाव त्यांच्याकडे शोधायला जाऊ नका. १७८९ च्या पहिल्या सहामाहीत पॅरिसमध्ये चार पौंडांचा पाव साडेचौदा सूपर्यंत (सू हे तेव्हाचं फ्रेंच नाणं) चढला, एरवी तो आठ-नऊ सूला मिळे. मजुराची दिवसाची कमाई वीस ते तीस सू. त्यांचा पाव म्हणजे आपली भाकरी, ताटातली एक वस्तू नव्हे, अख्खं ताट. हा भाव बाजूला ठेवून ‘जनता’ या शब्दावर कितीही सुंदर लिहिता येतं.

मला स्वतःला जवळचे वाटतात अमेरिकेचे टिमथी टॅकेट. त्यांनी प्रतिनिधींनी घरी धाडलेली पत्रं वाचली. बायकोला, भावाला, मतदारसंघातल्या मित्रांना लिहिलेली. त्यांत १७८९ च्या मे महिन्यात राजावर भाबडा विश्वास ठेवणारे मध्यमवयीन वकील दिसतात, आणि तीन-चार वर्षांत तेच कसे संशयाने पोखरले जातात तेही महिन्या-महिन्याने दिसतं. कोणी सिद्धांत खिशात घालून आलेला नव्हता. घटनांनी त्यांना घडवलं, आणि भीतीने बिघडवलं.

चोपड्याच्या एका ताई विचारतात : ‘पाव नसेल तर केक खा’ असं राणी खरंच म्हणाली का?

नाही. रूसोच्या आत्मचरित्रात एका ‘थोर राजकन्ये’च्या तोंडी हे वाक्य आहे, नाव नाही, आणि केक नसून ब्रियोश, म्हणजे लोणी-अंडी घातलेला पाव, आहे. तो मजकूर १७६० च्या दशकातला. मारी आंत्वानेत तेव्हा व्हिएन्नात खेळणारी पोर होती, फ्रान्सला ती १७७० मध्ये आली.

नंदुरबारची एमएची विद्यार्थिनी : सर, पुस्तकात सगळीकडे ‘जमाव’ येतो. जमाव म्हणजे नेमके कोण? गुंड की जनता?

बेटा, यावर शंभर वर्षं दोनच उत्तरं होती. इतिहासकार मिशले यांच्यासाठी ती पवित्र जनता. १८७१ च्या पॅरिस कम्यूनचा, म्हणजे तिथल्या कामकरी लोकांच्या उठावाचा, धसका घेऊन लिहायला बसलेल्या इपोलित तेन यांच्यासाठी ते मोकाट हिंस्र टोळकं. दोघांनीही जमावाला नाव-गाव विचारलं नाही. ते विचारलं जॉर्ज रूदे यांनी. १९५९ च्या पुस्तकासाठी ते पोलिसांच्या दप्तरात शिरले. पकडलेल्या माणसाचा धंदा काय, वय काय, राहतो कुठे, लिहिता येतं का. बॅस्टिल घेणाऱ्यांची एक ६६२ नावांची यादी उपलब्ध आहे. तिच्यात सुतार, लाकडी सामान बनवणारे, कुलूप बनवणारे, छोटे दुकानदार, आणि बहुतेक जण किल्ल्याला लागून असलेल्या सेंत-आंत्वान वस्तीतले. गुन्हेगार सापडत नाहीत म्हटलं तरी चालेल. घरदार असलेली, हातात कसब असलेली माणसं.

आता हे आपल्या अंगणात आणून बघ. सेंधव्याच्या घाटाचा रखवालदार खाज्या नाईक १८५७ मध्ये उठला, ११ एप्रिल १८५८ ला आंबापाणीची लढाई झाली. इंग्रज अधिकाऱ्यांच्या लेखी त्याची माणसं लुटारू. आपल्या सातपुड्यातल्या गाण्यांत ती वेगळी आहेत. तुझा प्रबंध यातल्या एकाच बाजूच्या कागदांवर उभा राहिला तर तुझ्याही हातून एक छोटा तेन घडेल, आणि केवळ गाण्यांवर उभा राहिला तर एक छोटा मिशले.

पण ‘ते साधे लोक होते’ एवढ्याने भागत नाही, कारण साधी माणसंही मारतात. लफेव्र यांनी १९३२ मध्ये एका अफवेवर अख्खं पुस्तक लिहिलं. जुलै १७८९ मध्ये खेडोपाडी बातमी फिरली, की सरदारांनी दरोडेखोर भाड्याने घेतलेत, ते उभं पीक कापून नेणार. रस्त्यांवर भुकेले भिकारी खरोखरच हिंडत होते, त्यामुळे बातमीला पाय फुटले. लफेव्र यांनी ती कोणत्या गावाहून कोणत्या गावाला, कोणत्या वाटेने गेली ते नकाशावर लावलं. दरोडेखोर कुठेच आले नाहीत. शेतकरी मात्र कोयते-काठ्या घेऊन गोळा झाले होते, आणि काही भागांत ते गढ्यांकडे वळले, जमीनदाराच्या देण्याच्या वह्या जाळल्या. माणसं फार थोडी मेली. ४ ऑगस्टच्या रात्री राष्ट्रीय सभेने सरंजामी हक्क रद्द केल्याचं जाहीर केलं, त्यामागे या धुराचा वाटा मोठा. आपल्याकडे १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात सावकारांची कर्जखतं जळाली ती याच जातीची आग : कागदात काय लिहिलंय हे कुळांना चांगलं ठाऊक होतं.

आणि एक तारीख मी टाळू शकत नाही. १ जुलै २०१८, राईनपाडा, तालुका साक्री. मुलं पळवणाऱ्या टोळीची अफवा मोबाइलवर फिरत होती. भिक्षेकरी म्हणून हिंडणाऱ्या नाथपंथी डवरी गोसावी समाजातल्या पाच जणांना आठवडे बाजाराच्या दिवशी जमावाने ठार मारलं. त्या आठवड्यात मी लफेव्र पुन्हा काढून वाचले. फरक उघड आहे. १७८९ ची भीती वर, गढीकडे, सत्तेकडे वळली. राईनपाड्याची आपल्याहून दुबळ्या परक्यावर तुटून पडली. अफवा दोन्हीकडे सारखीच पळते. ती कोणावर जाऊन आदळते हे कशाने ठरतं, हा प्रश्न तू प्रबंधात घेतलास तर मला आनंद होईल.

साक्रीकडच्या एका शेतकरी वाचकाचं पोस्टकार्ड, अहिराणीत, एकाच ओळीचं : ‘राजाले मारं ते समजनं, पन गरीबस्ले कसाले मारं?’ (राजाला मारलं ते समजलं, पण गरिबांना कशाला मारलं?)

दादा, या महिन्यातला सगळ्यात अवघड प्रश्न तुमचा. आणि त्याचा पाया पक्का आहे. डोनाल्ड ग्रीअर यांनी १९३५ मध्ये १७९३-९४ च्या दहशतीच्या काळातल्या मृत्युदंडांची मोजदाद केली : न्यायाधिकरणांनी दिलेले १६,५९४. त्यांत सरदार साडेआठ टक्क्यांच्या आसपास, धर्मगुरू साडेसहा. उरलेले जवळजवळ पंच्याऐंशी टक्के तिसऱ्या वर्गातले, म्हणजे शेतकरी, मजूर, दुकानदार, वकील. खटल्याविना मेलेले धरले तर आकडा पस्तीस-चाळीस हजारांवर जातो. सिनेमात गिलोटिनसमोर रेशमी झगेच दिसतात.

कुठे मेले ते बघा, म्हणजे ‘कसाले’चं अर्धं उत्तर मिळतं. पॅरिसमध्ये २,६३९. निम्म्याहून जास्त पश्चिमेकडच्या वांदे आणि आसपासच्या प्रदेशात. तिथे १७९३ च्या मार्चमध्ये तीन लाख सैनिकांच्या भरतीचं फर्मान पोचलं आणि खेडी उठली. धर्मगुरूंवर राज्याशी निष्ठेच्या शपथेची सक्ती झाली होती, तिचा राग आधीच साठलेला होता, आणि चर्चच्या जमिनींचा लिलाव झाला तेव्हा चांगल्या जमिनी शहरातल्या पैसेवाल्यांनी उचलल्या, ही सल होतीच. म्हणजे ज्याच्या नावाने क्रांती, तोच शेतकरी क्रांतीविरुद्ध बंदूक घेऊन उभा. नांतमध्ये कारिये या प्रतिनिधीने कैद्यांना होड्यांत घालून ल्वार नदीत बुडवलं. १७९४ च्या सुरुवातीला सेनापती त्यूरो याच्या पलटणी गावं जाळत फिरल्या. १९८६ मध्ये रेनाल्द सेशे यांनी याला वंशसंहार म्हटलं आणि फ्रान्समध्ये मोठा वाद पेटला. झां-क्लेमां मार्तां म्हणतात, भीषण यादवी होती, युद्धगुन्हे होते, पण लोकांना वंश म्हणून निवडून मारलेलं नाही. मला मार्तां पटतात. मेलेल्यांची संख्या त्याने एकानेही कमी होत नाही.

आता उरलेलं अर्धं. जुने प्रजासत्ताकवादी इतिहासकार म्हणत, परिस्थितीने भाग पाडलं : सीमेवर शत्रू, आत बंड, शहरात उपासमार. फ्यूरे यांचं उत्तर : मग १० जून १७९४ चा तो कायदा कशासाठी, ज्याने आरोपीचा वकीलही काढून घेतला? बंड तेव्हा मोडलं होतं, युद्धाचं पारडं फिरत होतं, आणि त्यानंतरच्या दीड महिन्यात एकट्या पॅरिसमध्ये तेराशेहून जास्त लोक मारले गेले. हा घाव वर्मी लागतो. परिस्थितीवाल्यांकडे याला चोख उत्तर नाही. पण फ्यूरे यांच्याकडेही एका गोष्टीला नाही : भाषेत विष पहिल्या दिवसापासून होतं, तर त्याला चार वर्षं का लागली?

सप्टेंबर १७९२ घ्या. प्रशियाची फौज पॅरिसकडे सरकतेय, तुरुंगातले कैदी आतून उठणार अशी कुजबूज. लोक तुरुंगांत शिरले आणि चार-पाच दिवसांत हजारावर कैदी कापले. बहुतेक जण राजकीय नव्हतेच, भुरटे चोर, खोटी नाणी पाडणारे. बिसेत्रच्या तुरुंगात तर कोवळी पोरंही होती. तुमच्या पोस्टकार्डावरचा प्रश्न इथे सगळ्यात जास्त बोचतो. मारणारे गरीब, मरणारे त्यांच्याहून गरीब, आणि मधे भीती.

शेवटी रोबेस्पियर, दहशतीच्या राजवटीचा म्होरक्या. २८ जुलै १७९४ ला त्याचं डोकं उडालं, आणि बरोबर एक महिन्याने, २८ ऑगस्टला, ताल्यां नावाचा प्रतिनिधी सभेत ‘दहशतीची व्यवस्था’ म्हणून भाषण ठोकतो. हा ताल्यां स्वतः बोर्दोमध्ये गिलोटिन चालवून आलेला. मार्तां नेमकं यावर बोट ठेवतात : सगळं पाप एका मेलेल्या माणसाच्या माथी मारून बाकीचे हात धुऊन मोकळे झाले. कारियेला डिसेंबरात मारलं. त्यूरो मात्र निर्दोष सुटला आणि पुढे नेपोलियनचा अमेरिकेतला राजदूत झाला.

एरंडोलहून एक शिक्षक : यातलं एकच पुस्तक घ्यायचं तर कोणतं?

लफेव्र यांचं १९३९ मध्ये, क्रांतीच्या दीडशेव्या वर्षी आलेलं छोटं पुस्तक. दुसऱ्या महायुद्धात जर्मनीधार्जिण्या व्हिशी सरकारने त्याच्या हजारो प्रती नष्ट करवल्या. आर. आर. पामर यांनी केलेलं इंग्रजी भाषांतर ‘द कमिंग ऑफ द फ्रेंच रिव्होल्यूशन’ १९४७ पासून मिळतं. रचना सोपी आहे : आधी सरदारांचं बंड, मग मध्यमवर्गाचं, मग पॅरिसच्या लोकांचं, आणि चौथं शेतकऱ्यांचं. खानदेशातल्या माणसाने सरळ चौथ्यापासून सुरुवात केली तरी काही बिघडत नाही.