स्टीमच्या सेलमध्ये १९,४०० रुपये एकदम घालावेत का?

प्रश्न थोडक्यात असा. पत्र लिहिणारे वाचक २७ वर्षांचे, आयटीत नोकरीला, वाकडला मित्राबरोबर भाड्याने राहतात. हातात पगार ५२,००० येतो. त्यातून भाडं १४,०००, गावी आईवडिलांना १०,०००, एसआयपी ५,०००, बाकी खर्च १६,०००. बचत खात्यात ४०,००० आहेत आणि दिवाळीचा ६०,००० बोनस तसाच पडून आहे. स्टीम या कॉम्प्युटर गेम्सच्या ऑनलाइन दुकानात २०१६ पासून खातं आहे, लायब्ररीत २१४ गेम्स. सध्या विंटर सेल लागलाय आणि विशलिस्टमधल्या ३१ गेम्स, ज्यांची मूळ किंमत ५४,००० होते, त्या १९,४०० मध्ये मिळतायत. ‘सरळ ३४,६०० रुपये वाचतायत, क्रेडिट कार्डावर सहा महिन्यांचा ईएमआय करून सगळ्या घेऊन टाकू का?’ हा मुख्य प्रश्न. बाहेरच्या साइट्सवर याच गेम्सचे कोड (स्टीममध्ये टाकले की गेम लायब्ररीत येते) आणखी स्वस्त मिळतात, ते घ्यावेत का, हा दुसरा. सोबत त्यांनी मालमत्तेचा तक्ता जोडलाय. त्यात म्युच्युअल फंडाच्या खाली ओळ आहे: ‘स्टीम लायब्ररी – १,१०,०००’, आणि तिच्याखाली ‘काउंटर-स्ट्राइकच्या स्किन्स – ९,२००’, म्हणजे त्या गेममधल्या शस्त्रांची सजावटी रूपं.

नमस्कार,

तक्ता पाठवलात हे फार बरं केलंत, कारण तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर त्या एका ओळीत आहे. लायब्ररीसमोरचे १,१०,००० खोडा आणि तिथे शून्य लिहा.

राग मानू नका. मालमत्ता म्हणजे जी गरज पडली तर विकता येते, गहाण टाकता येते, निदान मागे राहिलेल्यांना देता येते. स्टीमचं खातं यातल्या कशातच बसत नाही. खातं दुसऱ्याच्या नावे करता येत नाही, एखादी खेळून झालेली गेम विकता येत नाही, आणि मृत्युपत्रात लिहूनही ते भावाकडे जात नाही. २०२४ मध्ये स्टीमच्या सपोर्ट विभागाने हे एका ग्राहकाला स्पष्टच कळवलं होतं. आपण विकत घेतो तो गेम वापरण्याचा परवाना. पूर्वी हे करारपत्रात दडलेलं असायचं. कॅलिफोर्नियात यासंबंधीचा कायदा झाला, तो १ जानेवारी २०२५ पासून लागू झाला, आणि त्याच्या आधीच, ऑक्टोबर २०२४ पासून, स्टीमच्या कार्टमध्ये पैसे भरायच्या ठिकाणीच तशी ओळ दिसू लागली. आजच्या कार्टमध्ये बघा, सापडेल.

आणि हा नुसता कागदोपत्री मुद्दा नाही. यूबीसॉफ्टच्या ‘द क्रू’ या गेमचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ ला बंद झाले आणि पैसे मोजून घेतलेली गेम लोकांच्या लायब्ररीत असूनही निकामी झाली. सगळ्यांचं असं होतं असं नाही. ‘फोर्झा होरायझन ४’ डिसेंबर २०२४ मध्ये दुकानातून काढली, पण ज्यांनी आधी घेतली होती त्यांना ती आजही डाउनलोड करता येते. थोडक्यात, तुमची लायब्ररी उद्या उडून जाईल अशी भीती घालायचा माझा हेतू नाही. ती खर्चाच्या रकान्यात बसते, एवढंच.

खर्च म्हणून बघितलं तर हा खर्च वाईट आहे का? मला तसं वाटत नाही. ‘गेमवर घातलेल्या ८०० रुपयांची वीस वर्षं एसआयपी केली असती तर’ हे गणित मी मांडणार नाही. ते गणित चहालाही लागू पडतं आणि त्यापायी कुणी चहा सोडल्याचं ऐकिवात नाही. तुम्ही पाठवलेल्या गेमवार तासांच्या यादीवरूनच हिशोब करू. नऊ वर्षांत ३,१०० तास खेळलात. त्यातले १,९०० तास काउंटर-स्ट्राइक आणि डोटा २ मध्ये गेले, ज्यांना तुम्ही प्रवेशाचा एक रुपया दिलेला नाही. उरलेले १,२०० तास पैसे भरून घेतलेल्या गेम्सचे. म्हणजे तासाला सुमारे ९२ रुपये. मल्टिप्लेक्सचं तिकीट आणि पॉपकॉर्न धरलं तर हे महाग नक्कीच नाही.

पण याच यादीत दुसरा आकडा आहे आणि तो तुम्ही पत्रात लिहिलेला नाही. २१४ पैकी ९७ गेम्ससमोर खेळण्याचा वेळ शून्य आहे. खरेदीच्या इतिहासातून त्यांची किंमत मी जुळवली, ती साधारण ३४,००० भरली. सेलमध्ये ‘वाचणारे’ ३४,६००, आणि आधीच्या सेल्समध्ये असेच वाचवून घेतलेल्या पण एकदाही न उघडलेल्या गेम्सचे ३४,०००. हे दोन आकडे शेजारी शेजारी ठेवून एकदा बघा.

तुम्ही म्हणता, एकदम घेतलं की पुढची काळजी मिटते. आपल्याकडे उन्हाळ्यात वर्षाचं धान्य भरतात, कारण पुढे भाव चढतात आणि धान्य तर लागणारच असतं. गेम्सचे भाव उलट्या दिशेने चालतात. आज ५० टक्के सवलतीत असलेली गेम दोन वर्षांनी बहुतेकदा ७५ टक्के सवलतीत मिळते. गेल्या वर्षभरात तुम्ही पाच गेम्स पूर्ण केल्यात. या वेगाने ३१ गेम्सना सहा वर्षं लागतील. स्टीमवर वर्षाला चार मोठे सेल लागतात, स्प्रिंग, समर, ऑटम आणि विंटर. म्हणजे शेवटची गेम उघडेपर्यंत जवळपास पंचवीस सेल होऊन जातील, आणि तिचे पैसे मात्र तुम्ही आज, सर्वांत चढ्या भावात, तेही कर्ज काढून भरलेले असतील.

अजून एक गोष्ट, जी मला या सगळ्या व्यवहारात सर्वांत महत्त्वाची वाटते. स्टीमवर घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळलेली गेम परत करता येते, कारण कोणतंही चालतं. २०१५ पासून ही सोय आहे आणि ग्राहकाच्या हातात यापेक्षा मोठं हत्यार नाही. तुम्ही आठवड्याला सुमारे आठ तास खेळता. ३१ गेम्स एका रात्री घेतल्या तर प्रत्येक गेम दोन तास पारखायला ६२ तास लागतील, आणि १४ दिवसांत तुमच्याकडे आहेत सोळा. म्हणजे तेवीस गेम्स पारखून परत करण्याचा हक्क तुम्ही घेतानाच सोडून देता. एकेक घेतली तर तो हक्क प्रत्येक वेळी शाबूत राहतो. किती टक्के सवलत आहे यापेक्षा मी याला जास्त किंमत देईन.

म्हणून माझा नियम साधा आहे: ज्या संध्याकाळी इन्स्टॉल करून खेळायला बसणार, त्याच संध्याकाळी घ्यायची. तोपर्यंत विशलिस्टमध्ये राहू दे. सवलत लागली की स्टीम स्वतःच मेल पाठवतं. भाव पूर्वी कुठवर उतरला होता ते स्टीमडीबी या साइटवर दिसतं. आणि पहिल्या रात्रीची घाई तर अजिबात नको. काही तासांपुरत्या झटपट ऑफर्सचा जमाना २०१५ मध्येच संपला. आता पहिल्या दिवशीची सवलत शेवटच्या दिवसापर्यंत तीच असते. घेतल्यावर चार दिवसांनी सेल लागला, तर परत करून कमी भावात पुन्हा घेण्यालाही स्टीमची हरकत नाही, १४ दिवस आणि दोन तासांची अट पाळली की झालं. सेलच्या तोंडावर किंमत फुगवून मग सवलत दाखवतात, ही तुमची शंका इथे फारशी लागू नाही: किंमत वाढवली की पुढचे ३० दिवस प्रकाशकाला सवलत देता येत नाही.

या नियमाला अपवाद आहेत. दुकानातून काढणार असं जाहीर झालेली गेम खरंच हवी असेल तर घेऊन ठेवा. आणि तुमच्या यादीतली ‘फॅक्टोरिओ’. तिचे निर्माते सवलत देतच नाहीत, उलट जानेवारी २०२३ मध्ये त्यांनी ती ३० डॉलरवरून ३५ डॉलर केली. तिच्यासाठी सेलची वाट बघण्यात अर्थ नाही. खेळायची असेल तेव्हा घ्या.

ईएमआयबद्दल एका वाक्यात: तासाभरात डाउनलोड होणाऱ्या करमणुकीचे हप्ते सहा महिने भरायचे नाहीत. ‘नो कॉस्ट’ लिहिलेलं असलं तरी प्रोसेसिंग फी आणि व्याजावरचा जीएसटी बहुतेक वेळा तुमच्याच माथी येतो.

आता बाहेरचे कोड. इथे दोन प्रकारची दुकानं आहेत आणि लोक त्यांची गल्लत करतात. हंबल किंवा फॅनॅटिकलसारखी दुकानं प्रकाशकाकडूनच कोड घेऊन विकतात. तिथलं बंडल, म्हणजे अनेक गेम्सचा संच, स्वस्त असेल आणि त्यातल्या गेम्स खरोखर हव्या असतील तर घ्यायला हरकत नाही. दुसरा प्रकार बाजारपेठांचा, जिथे विकणारा कोण हे तुम्हाला कळत नाही. तिथे चोरीच्या कार्डावर घेतलेले कोडही फिरतात, आणि प्रकाशकाने तसा कोड रद्द केला की गेम लायब्ररीतून जाते. शिवाय बाहेर घेतलेल्या कोडला स्टीमचा परतावा लागू होत नाही, म्हणजे वर सांगितलेलं हत्यार गेलंच. टेलिग्रामवर तयार खाती विकणाऱ्यांबद्दल तर बोलायलाच नको. मित्र व्हीपीएन लावून, म्हणजे आपण दुसऱ्या देशात आहोत असं भासवून, तिथल्या भावात घेतो असंही तुम्ही लिहिलंय. ते नियमाविरुद्ध आहे, आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये अर्जेंटिना आणि तुर्कस्तानचे भाव डॉलरमध्ये गेले तेव्हा तिकडे खाती हलवलेल्यांचा डाव त्यांच्यावरच उलटला. आपल्याला २०१५ पासून रुपयांत भाव मिळतोय, यूपीआयने भरता येतो. तेवढ्यावर समाधान माना.

सांगलीत वसतिगृहात असलेल्या भावासाठी काही गेम्सच्या दोन-दोन प्रती घ्यायचा विचार आहे म्हणालात. त्याआधी स्टीम फॅमिलीज बघा. सहा जणांपर्यंत कुटुंब करता येतं आणि एकमेकांच्या बहुतेक गेम्स खेळता येतात. एकच गेम दोघांना एकाच वेळी हवी असेल तरच दुसरी प्रत लागते. मात्र ही सोय एका घरातल्या माणसांसाठी आहे. वसतिगृहातला भाऊ त्याच घरातला की नाही, यावर आपण दोघं वाद घालू शकतो, निकाल मात्र स्टीमच देणार. कुटुंबातून बाहेर पडलं तरी, त्यात सामील झाल्यापासून वर्ष पूर्ण होईपर्यंत दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही. आणि तुमच्या प्रतीवर खेळताना भावाने चीट वापरलं तर त्या गेममध्ये बंदी तुमच्यावरही येते. भावाचा स्वभाव तुम्हाला ठाऊक.

बोनसचं काय करायचं, हे तुम्ही विचारलेलं नाही, पण माझं काम तेच आहे. घरी पाठवता ते धरून तुमचा महिन्याचा अटळ खर्च ४०,००० आहे, आणि बाजूला पैसे आहेत नेमके तेवढेच. आयटीत सध्या जे चाललंय ते बघता एका महिन्याची शिल्लक म्हणजे काहीच नाही. बोनसमधले ४५,००० स्वीप-इन ठेवीत (बचत खात्याला जोडलेली मुदत ठेव) किंवा लिक्विड फंडात टाका, म्हणजे दोन महिन्यांच्या वर सोय होईल. उरलेले १५,००० आईवडिलांच्या आरोग्य विम्याच्या हप्त्यासाठी. कंपनीच्या पॉलिसीत ते दोघं नाहीत आणि वडील ५८ वर्षांचे आहेत. हे काम पुढच्या वर्षावर ढकलू नका. त्याला अजून पैसे लागतील, ते पगारातून दर महिन्याला जे ७,००० ‘कुठे जातात कळत नाही’ त्यातून काढा.

मग गेम्ससाठी काय उरलं? तक्त्यातली शेवटची ओळ. स्किन्सही मालमत्ता म्हणून धरू नका. ऑक्टोबर २०२५ च्या एका अपडेटने चाकूंच्या किमती रात्रीत कशा कोसळल्या ते तुम्ही माझ्यापेक्षा जवळून पाहिलं असेल. पण त्या स्टीमच्या बाजारात विकता येतात. काउंटर-स्ट्राइकच्या वस्तूंवर स्टीमचे ५ आणि गेमचे १० टक्के जातात, म्हणजे घेणाऱ्याने ११५ दिले तर तुमच्या हाती १००. ९,२०० च्या स्किन्सचे ८,००० येतील. ते बँकेत काढता येत नाहीत, स्टीमच्या वॉलेटमध्येच राहतात, आणि म्हणूनच गेम्स घ्यायला याहून योग्य पैसा नाही. महिन्याला ८०० धरले तर दहा महिने पगाराला हात लावायची गरज पडणार नाही. त्यानंतर दर महिन्याला पगारातून तेच ८००, आणि न वापरलेले पुढच्या महिन्यात. वॉलेटमध्ये आगाऊ भरून मात्र ठेवू नका. तिथे शिल्लक दिसली की हात शिवशिवतात.

यादीतल्या ज्या दोन गेम्सवर तुम्ही तारा काढलाय, त्यातली एक या सेलमध्ये घ्या. फक्त एक बघा: फोनवर स्टीमचा ऑथेंटिकेटर (लॉगिन आणि व्यवहाराची खात्री करणारी सोय) चालू नसेल तर बाजारात टाकलेली वस्तू १५ दिवसांपर्यंत अडकून राहते आणि तोवर सेल संपलेला असेल. तसं असेल तर ती गेम यूपीआयने घ्या, आणि स्किन्स सावकाश विका.