योगेंद्र यादव मुळात टीव्हीवरचे विश्लेषक की राजकारणी? आणि ते ज्यात दिसतात तो माहितीपट कोणता?

आधी प्राध्यापक, मग टीव्हीवरचे विश्लेषक आणि 2012 नंतर राजकारणी, असा क्रम आहे. चंदीगडच्या पंजाब विद्यापीठात शिकवून ते दिल्लीच्या सीएसडीएस या सामाजिक संशोधन संस्थेत आले. तिथल्या 'लोकनीती' या संशोधन उपक्रमाची निवडणूक सर्वेक्षणं हेच त्यांचं टीव्हीवरचं भांडवल. स्टुडिओत बाकीचे जागांचे आकडे ओरडून सांगत असताना हे गृहस्थ आवाज न चढवता कोणत्या जातीनं, कोणत्या वर्गानं कुणाला मत दिलं ते उलगडायचे. (आजच्या चर्चा बघता हे खोटं वाटेल!) एनसीईआरटी या शालेय पाठ्यपुस्तकं काढणाऱ्या केंद्रीय संस्थेची राज्यशास्त्राची पुस्तकं त्यांच्या आणि पुण्याचे राज्यशास्त्राचे अभ्यासक सुहास पळशीकर यांच्या सल्ल्यानं झाली. 2023 मध्ये पुस्तकांतल्या काटछाटीमुळे 'आमची नावं काढा' असं या दोघांनी स्वतःच कळवलं.

तुम्ही विचारलेला माहितीपट बहुधा 'ॲन इन्सिग्निफिकंट मॅन' असावा. आम आदमी पक्षाच्या सुरुवातीच्या दिवसांवरचा हा माहितीपट भारतात 2017 मध्ये लागला. त्यात ते तज्ज्ञ म्हणून खुर्चीत बसून मत देत नाहीत, पक्षाचे नेते म्हणून दिसतात.

फक्त एक लक्षात ठेवा, जुनी क्लिप बघताना साल बघा. 2012 नंतरचे यादव म्हणजे तटस्थ विश्लेषक नव्हेत: 2014 ला ते गुडगावमधून लोकसभेला उभे राहून हरले, 2015 ला पक्षातून काढले गेले आणि पुढच्याच वर्षी त्यांनी स्वराज इंडिया हा पक्ष काढला.