एकशे पाच वर्षं पाण्यात, पंचवीस वर्षं उन्हात

प्रश्न : ताई, सप्रेम नमस्कार. माझा भाचा अमेरिकेत मिशिगन सरोवराच्या काठी नोकरीला आहे. तो सांगत होता, तिथल्या मेनॉमिनी गावात एकेकाळी तळ्यातून वर काढलेलं शिडाचं अख्खं जहाज बघायला मिळायचं. आता तिथे काहीच नाही. शंभराहून जास्त वर्षं पाण्यात टिकलेलं लाकूड वर आल्यावर कसं संपलं? आणि आपल्या खडकवासल्यात एखादी होडी बुडाली, तर तीही अशीच टिकेल का?
— एक वाचक, कोथरूड

उत्तर : तुमचा भाचा म्हणतो ते जहाज ‘ॲल्विन क्लार्क’. मी ३१ वर्षं जुन्या वस्तूंच्या जतनाचं काम केलं, त्यामुळे या जहाजाची गोष्ट मला घरच्या माणसाच्या आजारपणासारखी पाठ आहे.

ते दोन डोलकाठ्यांचं मालवाहू स्कूनर, सुमारे १०५ फूट लांब, १८४०च्या दशकात डेट्रॉइटजवळ बांधलेलं. स्कूनरची मुख्य शिडं जहाजाच्या लांबीला धरून लागतात आणि डेकवर उभं राहूनच ओढता येतात, म्हणून मोजक्या खलाशांत काम भागतं. धान्य, मीठ, इमारती लाकूड असा माल त्या सरोवरांवर अशाच जहाजांतून फिरायचा. तळं म्हटलं की आपल्याला कात्रजचं आठवतं. मिशिगनचं क्षेत्रफळ ५८,००० चौरस किलोमीटरच्या आसपास आहे, म्हणजे महाराष्ट्राचा जवळजवळ पाचवा हिस्सा. तिथे वारा उठला की समुद्रासारखाच उठतो.

२९ जून १८६४ला हे जहाज लाकूड भरायला ओकोंटो गावाकडे रिकामंच निघालं होतं. मालाच्या कोठारांची झाकणं उघडी होती. ग्रीन बे या उपसागरात अचानक वावटळ आली, रिकामं जहाज कलंडलं आणि उघड्या झाकणांतून पाणी आत शिरलं. कप्तान आणि दोन खलाशी बुडाले. झाकणं बंद असती तर ती माणसं वाचली असती का, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

१९६७मध्ये मच्छीमारांची जाळी तळाशी कशाला तरी अडकली. ती सोडवायला फ्रँक हॉफमन नावाचे पाणबुडे सुमारे ११० फूट खाली उतरले, तर जहाज सरळ उभं, डोलकाठ्यांसकट! त्यांनी आणि सोबत्यांनी दोन वर्षं गाळ उपसला आणि १९६९मध्ये ते वर काढलं. आतलं पाणी उपसल्यावर ते स्वतःच्या बळावर तरंगलं. १०५ वर्षांनी! हे सांगताना आजही माझ्या अंगावर काटा येतो.

मेनॉमिनीत ते लोकांना दाखवायला ठेवलं, आणि तिथून ऱ्हास सुरू झाला. गोड्या पाण्यात समुद्रातला लाकूड पोखरणारा किडा नसतो. खोल तळाशी गारवा आणि अंधार, त्यामुळे कुजणं फार मंद. पण मंद म्हणजे बंद नव्हे. सूक्ष्म जीव लाकडाचा गाभा हळूहळू खातच असतात आणि ती जागा पाणी भरून काढतं. बाहेरून फळी धडधाकट दिसते, आत तिला पाण्यानेच तोलून धरलेलं असतं. ते पाणी उडालं की पेशींच्या भिंती आत कोसळतात, लाकूड आकसतं, तडकतं, आणि मग बुरशी येते.

हे मी पुस्तकात वाचण्याआधी पाहिलं होतं. राजापूरजवळ माझ्या आजोळी एका उन्हाळ्यात विहीर उपसताना गाळातून जुन्या रहाटाचा एक तुकडा निघाला. काळाकुळीत, खाचा अगदी ताज्या. मी तो हट्टाने सदाशिव पेठेत आणला आणि गॅलरीत उन्हात वाळत ठेवला. आठवड्यात त्याला बोट जाईल अशा भेगा पडल्या. आज्जी गेल्याला तेव्हा वर्षही झालं नव्हतं, आणि तिच्या हातचा तो रहाट मीच घालवला.

स्वीडनचं ‘वासा’ हे युद्धजहाज १६२८मध्ये बुडालं आणि १९६१मध्ये वर आलं. ते वाचलं, कारण पाण्याची जागा घेणारं मेणासारखं रसायन त्याच्यावर १७ वर्षं फवारलं गेलं. त्यामागे सरकार होतं. ‘ॲल्विन क्लार्क’साठी एवढा पैसा कधीच उभा राहिला नाही. १९९४मध्ये उरलेला सांगाडा यंत्राने मोडून टाकला. हॉफमनना मी दोष देत नाही, त्यांनी जीव धोक्यात घालून ते वर आणलं होतं. पण जतनाची तरतूद होईपर्यंत ते खालीच राहायला हवं होतं, असं माझं स्पष्ट मत आहे. त्याच सरोवरात १९१२मध्ये नाताळची झाडं घेऊन बुडालेलं ‘राउज सिमन्स’ १९७१मध्ये सापडलं. ते तळाशीच ठेवलं आहे आणि पाणबुडे तिथेच जाऊन बघतात.

आता खडकवासला. किडा तिथेही नाही, पण पाणी उबदार आणि दर उन्हाळ्यात पातळी खाली जाते. एकदा ओलं, एकदा कोरडं, याइतकं वाईट लाकडाला दुसरं काही नाही. काठाजवळची होडी फार वर्षं टिकणार नाही. पूर्ण गाळात रुतली तर मात्र बराच काळ राहील.

गावाकडे विहिरीतून असं काही निघालं, तर ते उन्हात ठेवू नका. ओल्या गोणपाटात गुंडाळा, वरून प्लास्टिक बांधा, सावलीत ठेवा, गोणपाट सुकू देऊ नका, आणि डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्व विभागात विचारा.