श्वास कमी केले तर दिवस मोठा होतो का?

प्रश्न : बाई, नमस्कार. मी रेल्वेत गेटमन होतो. मिरजेच्या बाजूला एकाच फाटकावर एकतीस वर्षं काढली. स्टेशनमास्तरचा फोन आला की फाटक लावायचं आणि गाडीची वाट बघायची. बाहेर मोटारसायकलवाले पाच मिनिटांत हॉर्न वाजवून जीव घ्यायचे, मला मात्र ती पाच मिनिटं कळायचीही नाहीत. त्यावरून मी एक सिद्धान्त मांडला आहे, त्याला ‘श्वासकाळ’ म्हणतो. जुन्या गणितात दिवसाच्या ६० घटका, घटकेची ६० पळं, पळाचे ६ श्वास. म्हणजे दिवसाचे २१,६०० श्वास. माझ्या मते श्वास हाच काळ. मी मिनिटाला १५ ऐवजी ६ श्वास घ्यायला शिकलो आहे. परवा दवाखान्याच्या रांगेत दोन तास गेले, मला पाऊण तास वाटला. याच हिशेबानं आयुष्य अडीच पट होईल. माझा प्रश्न एवढाच, की नातू सुट्टीत आठ दिवस येतो, त्याचे वीस करता येतील का? सून हसते. तुम्ही हसू नका.

उत्तर : हसले नाही. पत्र ओट्यापाशी उभ्यानंच वाचलं आणि तेवढ्यात दूध उतू गेलं, ते मात्र तुमच्या खात्यावर लिहून ठेवते.

तुमचं गणित चोख आहे. पण हा २१,६०० आकडा आला कुठून, ते बघा. वर्तुळाचे ३६० अंश, अंशाच्या ६० कला; गुणाकार करा, २१,६०० च येतात. सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथात सहा ‘प्राणां’चं, म्हणजे श्वासांचं, एक पळ धरलंय, आणि एका प्राणात आकाश एक कला फिरतं. म्हणजे माप आभाळाचं, श्वासाचं त्याला नुसतं नाव. कापड हातानं मोजायचे तसंच हे. दुकानदाराचा हात आखूड म्हणून ताग्यातलं कापड वाढत नाही. लग्नात घंगाळात सोडलेलं घटिकापात्र तळाच्या भोकातून पाणी घेत चोवीस मिनिटांनी बुडायचं. वधूपित्याला धाप लागलीय की तो शांत बसलाय, याची त्याला फिकीर नसे.

आयुष्य अडीच पट वगैरे सोडून द्या.

रांगेचं मात्र सोडवत नाही, कारण तिथे तुम्ही खऱ्या गोष्टीला हात घातलाय आणि तिथेच फसलाही आहात. आतलं घड्याळ मंद झालं तर बाहेरचे दोन तास पाऊण तासाचे वाटतील, हे तुमच्याच सिद्धान्तातून निघतं. मग नातवाचे आठ दिवस वीस कसे वाटतील? त्याच हिशेबानं ते तीन-सव्वातीनच वाटायला हवेत! कळ एकच आहे, ती रांगेत एकीकडे आणि घरी दुसरीकडे कशी फिरेल?

अमेरिकेत हडसन हॉगलंड नावाचा शरीरशास्त्रज्ञ होता. बायको तापानं फणफणलेली, हा औषध आणायला गेला आणि वीसेक मिनिटांत परतला. ती म्हणाली, किती वेळ लावलात! त्यानं तिला मनातल्या मनात साठ सेकंद मोजायला सांगितले. ताप चढला की मोजणी लवकर संपायची. हे त्यानं १९३३ मध्ये छापलं. आतलं घड्याळ पळालं की बाहेरचा वेळ रेंगाळतो. उलट उदाहरण मिशेल सिफ्र या फ्रेंच माणसाचं. १९६२ मध्ये तो घड्याळाशिवाय आल्प्समधल्या गुहेत दोन महिने राहिला. १२० सेकंद मोजायला त्याला पाचेक मिनिटं लागायची. बाहेर काढलं तेव्हा तारीख होती १४ सप्टेंबर. त्याच्या लेखी २० ऑगस्ट! हॉगलंडनं तापाचा संबंध दाखवला. श्वासाचा तुम्ही दाखवायचाय. माझा अंदाज विचाराल तर रांगेत तुमचं लक्ष टोकन नंबरावरून श्वासावर गेलं, म्हणून वेळ सरला. जप करणाऱ्या आजीबाईंचाही तसाच सरतो.

आता नातू. घडताना वाटणारा वेळ वेगळा आणि आठवताना वाटणारा वेगळा. तुमच्या मूळ पत्रात (जागेअभावी इथे कापलंय) पहिल्या रात्रपाळीवर दीड पान आहे. कंदील, पाऊस, फाटकात अडकलेली म्हैस, सगळं. उरलेल्या एकतीस वर्षांना दोन ओळी. तुमचा सिद्धान्त तिथे आहे, आणि तुम्ही तो श्वासात शोधताय! नवं घडलं की मन नोंद करतं, तेच ते असलं की करत नाही. तेव्हा नातवाला रोज टीव्हीपुढे बसवू नका. एक दिवस फाटकावर न्या, एक दिवस कृष्णेच्या घाटावर, एक दिवस त्यालाच भाकरी थापू द्या. आठ दिवस भुर्रकन जातील, ते मला थांबवता येणार नाहीत. पण दिवाळीत आठवायला बसाल तेव्हा लांबलचक निघतील.

आणि सुनेला मोबाइलचं स्टॉपवॉच धरायला सांगा. डोळे मिटा, श्वास किंवा आकडे न मोजता ‘मिनिट झालं’ म्हणा. पाचदा नेहमीच्या श्वासावर, पाचदा सहाच्या; गरगरलं तर लगेच थांबा. मी करून पाहिलं, ५२ आणि ५५ सेकंद आले. तिसरा मजला चढून आल्यावर ४४. तुमचे दहाही आकडे कळवा, सिद्धान्ताला न मानवणारे असले तरी.