जपानी मालिका अर्ध्यातच ॲपवरून गायब झाली, त्याबद्दल

तुम्ही लिहिलंय की जपानी मालिकेचे सहा भाग पाहिले, जीव अडकला, सातवा लावायला गेलात तर ॲपवर मालिकाच नाही. अगदी हेच मी भोगलंय, म्हणून सविस्तर लिहिते. ॲप कुठलं, सबटायटल्स कशी लावायची यात शिरत नाही, ते तुम्हाला येतंच.

मला सगळ्यात जास्त मनस्ताप दिला तो त्या कंपनीच्या ग्राहक सेवेने. (नाव घेत नाही.) आधी म्हणाले ॲप अपडेट करा. मग कॅशे काढा. मग लॉग आउट करून परत या. दर वेळी नवा माणूस आणि दर वेळी माझी पहिल्यापासून कथा. ‘ही मालिका दाखवायचे आमच्याकडचे हक्क संपले’ एवढं एक वाक्य कुणी बोलेना. मुदत कधी संपणार हे कंपनीला करार करतानाच ठाऊक असतं. मालिकेच्या पानावर ती तारीख टाकायला काय जातं यांचं? वर्षाचे पैसे घेतलेले, त्यातला रुपया परत नाही. अजून आठवलं की संताप होतो.

मी कायद्याची जाणकार नाही, पण इतकी वर्षं बघून जे कळलं ते सांगते. जपानी वाहिन्या मालिका बनवतात त्या घरच्या प्रेक्षकासाठी. २०१३ साली टीबीएस या जपानी वाहिनीच्या ‘हानझावा नाओकी’ या बँकेतल्या कर्मचाऱ्याच्या मालिकेच्या शेवटच्या भागाला टोकियो परिसरात ४२.२ टक्के रेटिंग होतं. घरात एवढं मिळत असताना बाहेरची घाई कुणाला? परदेशात दाखवायचं तर गाण्यांची, कलाकारांच्या एजन्सीची, लेखकाची परवानगी जमवत बसा.

पण आपल्याला त्या आवडतात त्याचं कारणही हेच, असं माझं ठाम मत आहे. परक्याला कळेल का, याची चिंता नसल्याने त्या बारक्या गोष्टींवर रेंगाळतात. ‘क्वार्टेट’ या मालिकेच्या (२०१७) पहिल्या भागात चार वादक जेवायला बसलेत. तळलेल्या चिकनवर न विचारता लिंबू पिळलं जातं आणि एक जण हटून बसतो, की आता हे पूर्वीसारखं होणार नाही. वाद लांबतच जातो. पुढे कळतं की त्यांच्यातल्या एकीच्या नवऱ्याला लिंबू आवडतच नव्हतं, ती कायम पिळत आली आणि तो कधी बोलला नाही. अख्खा संसार त्या लिंबात दिसतो. आणि गोष्ट दहा भागांत संपते. तिकडे जानेवारी, एप्रिल, जुलै, ऑक्टोबर असे हंगाम असतात, त्यामुळे आपल्यासारखं वर्षानुवर्षं पाणी घालत बसत नाहीत.

तेव्हा वर्षाचं सबस्क्रिप्शन अजिबात घेऊ नका. महिन्याचं घ्या, एकच मालिका धरा आणि संपवा. ‘नंतर बघू’च्या यादीत टाकलेली जपानी मालिका गेलीच समजा. ‘फर्स्ट लव्ह’सारख्या (२०२२) नेटफ्लिक्सने स्वतः काढलेल्या मालिका शक्यतो हलत नाहीत, पण मला वाहिन्यांवरच्याच जास्त जवळच्या वाटतात. हे अर्थात माझं मत, तुमची आवड वेगळी असेल.

आणि डबिंग नको. मूळ आवाजातच बघा, त्यांचे ते अर्धवट सोडलेले शब्द आणि मधले हुंकार डबिंगमध्ये पार जातात.