घाटात गाडी ओढत नाही, काळा धूर येतो आणि स्कॅनरवर एअर फ्लो सेन्सरचा कोड आहे. सेन्सर बदलूनच टाकू का?

नका बदलू. निदान आधी होज, म्हणजे हवा नेणारे जाड रबरी पाईप, बघून घेतल्याशिवाय तरी नाही.

तुम्ही लिहिलंय त्यावरून गाडी २०१४ ची, १.३ लिटर डिझेल. सपाटीला बरी चालते, पण पुण्याहून साताऱ्याला जाताना खंबाटकीचा चढ लागला की दम टाकते. मागून काळा धूर, बॉनेटमधून शिट्टीसारखा आवाज आणि चेक लाईट. गॅरेजमध्ये स्कॅनर लावला तर पी०१०१ आला, आणि ‘एअर फ्लो सेन्सर गेला’ म्हणून तुम्हाला नव्या सेन्सरचा खर्च सांगितला. मी गाड्यांच्या इलेक्ट्रिकलचंच काम करतो, स्कॅनर रोजच हातात असतो. या लक्षणांवर मला सेन्सरपेक्षा टर्बोपासून (इंजिनात हवा दाबून भरणाऱ्या पंख्यापासून) इंजिनकडे जाणाऱ्या होजचा संशय जास्त येतो.

आधी हा सेन्सर करतो काय ते बघा. एअर फिल्टरच्या डब्यातून जो जाड पाईप निघतो, त्याच्या तोंडाशी तो बसवलेला असतो. आत एक अगदी पातळ फिल्म असते आणि ती वीज देऊन येणाऱ्या हवेपेक्षा ठरावीक अंशांनी गरम ठेवलेली असते. हवा वाहिली की फिल्म निवते. हवा जितकी जास्त, तितकी तिला गरम ठेवायला वीज जास्त, आणि त्यावरून ईसीएमला, म्हणजे इंजिन सांभाळणाऱ्या कॉम्प्युटरला, कळतं की सेकंदाला किती ग्रॅम हवा आत गेली. लिटर नाही, ग्रॅम. म्हणून महाबळेश्वरच्या विरळ हवेसाठी किंवा चिपळूणच्या उकाड्यासाठी वेगळं सेटिंग करावं लागत नाही. पेट्रोल गाडीत या आकड्यावर पेट्रोल किती सोडायचं ते ठरतं. डिझेलमध्ये त्याची कामं दोन: ईजीआर व्हॉल्व्ह (इंजिनचा थोडा धूर परत आत सोडणारी झडप) किती उघडायचा ते ठरवणं, आणि धूर होऊ नये म्हणून डिझेलला वरची मर्यादा घालणं. सगळी मेख या दुसऱ्या कामात आहे.

आता कोडचं. पी०१०२ म्हणजे सिग्नल फारच कमी, पी०१०३ म्हणजे फारच जास्त, पी०१०० म्हणजे सर्किटमध्येच घोटाळा. हे तीन आले तर वायरिंग, कपलर (वायरचा प्लग) आणि सेन्सर यांच्यातच शोधायचं. पी०१०१ ची गोष्ट निराळी. त्याचा अर्थ एवढाच की सेन्सरचा आकडा ईसीएमच्या हिशोबात बसत नाही. ईसीएमकडे इंजिनचे आरपीएम असतात, मॅनिफोल्डमधला (सिलिंडरांना हवा वाटणाऱ्या नळीतला) दाब असतो, हवेचं तापमान असतं. त्यावरून तो आपला अंदाज बांधतो की एवढी हवा गेली असायला हवी. सेन्सरने भलतंच सांगितलं की कोड टाकून मोकळा. दोघांत चुकतंय कोण, हे त्याला कळत नाही. सेन्सर बरोबर मोजत असेल आणि पुढे वाटेत हवा गळत असेल, तरी कोडवर नाव सेन्सरचंच येतं. चोर सोडून संन्याशाला फाशी ती हीच.

तुमच्या गाडीचा धूर इथे कामाला येतो. सेन्सर मळला की तो बहुतेकदा हवा कमी दाखवतो. हवा कमी दिसली की ईसीएम डिझेलही आखडतं घेतो. गाडी मरगळते, पण धूर फारसा काढत नाही. तुमची गाडी मरगळलीय आणि वर काळा धूरही ओकतेय. याचा सरळ अर्थ असा की ईसीएमला हवा भरपूर दिसतेय, त्या हिशोबाने डिझेल सुटतंय, आणि सिलिंडरपर्यंत हवा पोचत नाहीये. सेन्सर टर्बोच्या आधी असतो. तिथे हवा मोजून झाली, टर्बोने ती दाबली, आणि इंटरकूलरच्या (ती दाबलेली हवा थंड करणाऱ्या जाळीच्या) वाटेवर होजला चीर असेल तर तिथून ती बाहेर पडली. घाटात टर्बोचा दाब चढतो तेव्हाच चीर उघडते, म्हणून सपाटीला काही जाणवत नाही. शिट्टीही त्याचीच असावी.

होज तपासायला गाडी पूर्ण थंड होऊ द्या. टर्बोपासून इंटरकूलरपर्यंत आणि तिथून इनटेकपर्यंत जाणारे होज चेपून, वळवून बघा. बॉनेट उघडून नुसतं वरून पाहिलं तर सगळे चांगलेच दिसतात. चीर बहुतेक वेळा खालच्या अंगाला, क्लिपच्या कडेला किंवा वळणाच्या आतल्या बाजूला असते. खूण म्हणजे तेल. टर्बोच्या हवेबरोबर इंजिन ऑइलची थोडीफार वाफ येतच असते. ती चिरेतून बाहेर झिरपते आणि त्यावर धूळ बसते. बाकी होज कोरडा, राखाडी, आणि एखाद्याच ठिकाणी काळा चिकट पट्टा, असं दिसलं की तिथे दोन्ही अंगठ्यांनी रबर ताणा. चीर उघडते आणि आतला कापडाचा थर दिसतो. क्लिपाही हाताने फिरवून बघा. सहज फिरली तर ती सैल आहे, आणि तेवढ्याने सुद्धा हाच सगळा तमाशा होतो.

हाताला काही लागलं नाही तर एकाला गाडीत बसवून न्यूट्रलवर २५०० ते ३००० पर्यंत रेस द्यायला सांगा आणि होजवर साबणाचं पाणी शिंपडा. पंखा आणि बेल्टपासून हात, बाही, ओढणी लांब ठेवा. पंखा कधीही सुरू होतो. एक मात्र आहे, उभ्या गाडीत टर्बोचा पूर्ण दाब बनत नाही. बारीक चीर अशीही निसटू शकते, मग गॅरेजमध्ये इनटेकमध्ये धूर किंवा हलकी हवा भरून तपासायला सांगा. होज फाटलेला निघाला तर नवाच घाला. टेप, एम-सील असले उपाय तेलकट गरम हवेत टिकत नाहीत.

होज ठणठणीत निघाले तर मग सेन्सरकडे या. त्याआधी फिल्टरचा डबा उघडा. कॉम्प्रेसरची हवा मारून मारून वापरलेला फिल्टर कुठेतरी फाटलेला असतो, किंवा डब्याची एक क्लिप नीट बसलेली नसते आणि तिथून सरळ धूळ आत जाते. डब्याच्या स्वच्छ बाजूला बोट फिरवा. धूळ लागली तर सेन्सर का मळला ते कळलंच. तेल लावून वापरायचे जे कापडी फिल्टर मिळतात, त्यांना तेल जास्त झालं की तेही फिल्मवर जाऊन बसतं. मला हे फिल्टर साध्या रोजच्या गाडीत आवडत नाहीत, पण तो ज्याचा त्याचा शौक.

सेन्सर काढताना इग्निशन बंद, चावी खिशात. कपलरची पकड दाबून तो सरळ ओढा, वायरला धरून नाही. स्क्रू बहुतेक ताऱ्याच्या खाचेचे असतात, टी-२० बिट लागतो. खाचेत मधोमध खुंटी असेल तर भोकाचा बिट. सेन्सर बाहेर आला की त्याच्या छोट्या खिडकीत टॉर्च मारून बघा. एक इवलीशी चकचकीत पट्टी दिसेल. तिच्यावर तपकिरी थर किंवा धुळीचे तंतू दिसले तर सफाई करायची. त्यासाठी एअर फ्लो सेन्सरचाच क्लीनर स्प्रे मिळतो, तोच घ्या. कार्ब क्लीनर, ब्रेक क्लीनर, पेट्रोल, रॉकेल यातलं काही चालत नाही. फिल्मचा लेप किंवा आजूबाजूचं प्लास्टिक खराब होतं. कापूस, ब्रश, इअरबड काही आत घालू नका आणि कॉम्प्रेसरची हवा तर अजिबात नको. लांबून थोडा थोडा स्प्रे मारा, पूर्ण वाळू द्या, घाई नको. ओला सेन्सर लावून गाडी चालू केली तर ती फिल्म जाते. आणि हा स्प्रे पेट घेतो, तेव्हा तापलेल्या इंजिनजवळ मारू नका. लावताना बाहेरच्या बाणाची दिशा इंजिनकडे आहे ना, ते बघा.

एवढं झाल्यावर आकडे बघा. स्टिअरिंगखालच्या पोर्टला लावायचा ब्लूटूथ अडॅप्टर आणि मोबाईलवरचं एखादं ॲप एवढ्यावर काम भागतं. तुमचं इंजिन १२४८ सीसीचं, म्हणजे एका सिलिंडरला ३१२ सीसी. पुण्याच्या उंचीवर, ३० अंशांच्या आसपास, लिटरभर हवेचं वजन साधारण १.१ ग्रॅम भरतं. सिलिंडर अगदी काठोकाठ भरत नाही हे धरलं तर दर वेळी ०.३ ग्रॅमच्या जवळपास हवा आत जाते. ८५० आरपीएमला चारही सिलिंडर मिळून सेकंदाला २८ वेळा हवा ओढतात. म्हणजे ईजीआर बंद असताना आयडलला (रेस न देता इंजिन चालू असताना) आठ-साडेआठ ग्रॅम दिसायला हवेत. ३००० ला तीस, आणि टर्बोमुळे त्याच्याही वर. हा हिशोब कुठल्याही गाडीला लावता येतो, म्हणून मांडून दाखवला.

आयडलला आकडा निम्म्यावर दिसला म्हणून लगेच घाबरू नका. ईजीआर उघडा असला की इंजिन स्वतःचाच धूर परत आत घेतं आणि ताजी हवा तेवढी कमी ओढतं. गाडी बंद करून ईजीआरचा कपलर काढा, पुन्हा चालू करा. व्हॉल्व्ह मिटला तर आकडा चटकन वर जाईल. तसं झालं तर सेन्सर मोजतोय आणि ईजीआरही हलतोय. आकडा ढिम्म हलला नाही तर ईजीआर काजळीने उघडाच अडकला असण्याची शक्यता मोठी. तो काढून साफ करावा लागेल. आणि ३००० ला तीसच्या जागी अठरा-वीस दिसत असतील, होजही ठीक, फिल्टरही ठीक, ईजीआरही मिटतोय, तर मात्र खुशाल सेन्सर बदला. कपलर काढल्यामुळे जो नवा कोड येईल तो शेवटी पुसून टाका.

इथे एका टोटक्याबद्दल सांगायला हवं, कारण तो तुम्हाला कुणीतरी सांगणारच: सेन्सरचा कपलर काढून गाडी चालवा, बरी चालली तर सेन्सर खराब. पेट्रोलमध्ये याला थोडा अर्थ आहे. डिझेलमध्ये सेन्सरचा सिग्नल गेला की ईसीएम साधारणपणे ईजीआरही बंद करतो. मग गाडी सुधारली ती सेन्सरचा चुकीचा आकडा बंद झाल्यामुळे की ईजीआर मिटल्यामुळे, हे कळायला मार्गच उरत नाही. या टोटक्यापायी चांगले सेन्सर भंगारात गेलेले मी बघितलेत.

मल्टिमीटर वापरता येत असेल तर इग्निशन ऑन, इंजिन बंद ठेवून कपलरवर १२ व्होल्ट आणि अर्थिंग येतंय का ते बघा. पाच पिनांच्या जुन्या अनॉलॉग सेन्सरमध्ये हवा थांबलेली असताना सिग्नलच्या वायरवर एक व्होल्टच्या आसपास मिळतं. नव्या काही सेन्सरांचा सिग्नल फ्रिक्वेन्सीचा असतो, तिथे व्होल्टमीटर काही सांगत नाही. पिनांवर हिरवट गंज आहे का बघा, आणि वायरवर दातांच्या खुणा. पावसाळ्यात उंदीर बॉनेटखाली येऊन राहतात, नको तिथे कुरतडतात.

पेट्रोल गाडीवाले हे वाचत असतील तर त्यांच्याकडे लक्षणं उलटी असतात. सेन्सरच्या पुढे पाईप फाटला तर न मोजलेली हवा आत जाते, मिश्रण पातळ होतं आणि पी०१७१ येतो. ॲपमध्ये फ्युएल ट्रिम, म्हणजे ईसीएम पेट्रोल किती वाढवतोय किंवा घटवतोय ते, बघा. आयडलला ट्रिम चढलेली आणि २५०० ला खाली येणारी असेल तर गळती. रेस देताना आणखी चढत गेली तर सेन्सर मळलाय किंवा पेट्रोलचा दाब कमी पडतोय. आणि आधी एवढं तपासा की गाडीत हा सेन्सर आहे का. आपल्याकडच्या बऱ्याच छोट्या पेट्रोल गाड्यांत तो नसतोच, मॅनिफोल्डच्या दाबावर काम चालतं.

शेवटी सेन्सर घ्यायचीच वेळ आली तर जुन्यावरचा नंबर शेवटच्या अंकापर्यंत जुळवून घ्या, आणि पावतीवर घ्या. हे इंजिन बऱ्याच गाड्यांत होतं, रांजणगावलाही बनायचं, त्यामुळे बाजारात सेन्सर ढिगाने आहेत आणि त्यांत डुप्लिकेटही आहेत. डुप्लिकेटचं दुखणं असं की तो दिसायला तस्साच असतो, कोडही येत नाही, फक्त मोजमाप थोडं चुकीचं असतं आणि पिकअप कधी पूर्ण परत येत नाही. स्वस्तातला नवा घेण्यापेक्षा आधी जुना साफ करून बघणं मला जास्त पटतं.

तोपर्यंत गाडी चालवू का, असंही विचारलंय. गावातल्या गावात, हलक्या पायाने चालेल. माणसं आणि सामान भरून घाट चढवू नका. दाब गळत असला की तो भरून काढायला टर्बोला जास्त फिरावं लागतं आणि काजळी ईजीआरमध्ये साठत जाते. पीयूसीची तारीख जवळ असेल तर त्यातही पास होईलसं वाटत नाही.

होज बघून झाला की काय सापडलं ते कळवा. काहीच सापडलं नाही तर तीन आकडे लिहा: आयडलला ईजीआरचा कपलर लावलेला असतानाचा, काढल्यानंतरचा, आणि कपलर काढलेलाच ठेवून ३००० चा. त्यावरून पुढचं सांगतो.